'वेरेदा'चं अडतिसावं पान

छत्तीसनंतर एकदम एकोणचाळीस आलं. मिर्ता ओलास्कोआगानं बोट ओलं करून पान पुन्हा मागं घेतलं, दोन पानं चिकटली असतील म्हणून नखानं कड उचकटून पाहिली, आणि मग तिला शिवणीजवळ ती पट्टी दिसली. बोटभरही रुंद नव्हती. वरपासून खालपर्यंत ब्लेड एकदाच, सरळ ओढलेलं. ज्यानं कोणी हे केलं त्यानं खाली पुठ्ठा सरकवला होता, पट्टी धरली होती, मागच्या पानावर ओरखडासुद्धा उठू दिला नव्हता. ऑगस्ट १९७५, दुसरा अंक. त्या पानावर काय होतं हे तिला आठवावं लागलं नाही. सव्वीस वर्षं हा बांधीव खंड तिनं उघडला नव्हता तो त्या पानामुळंच. आता ते पानच नव्हतं, पण तिला सुटल्यासारखं वाटलं नाही. म्हणजे आपल्याखेरीज आणखी कुणाला तरी ते पान ठाऊक होतं. कुणीतरी इथं, या खोलीत, याच टेबलाशी बसून ते शोधलं होतं. तिनं मागं वळून दाराकडं पाहिलं. दार तिनंच लावून घेतलं होतं.

खंड उघडायची पाळी फाकुंदोमुळं आली. फाकुंदो नवा संपादक, तेहतीस वर्षांचा, मालक बदलले तेव्हा त्यांच्याबरोबर आलेला. सोमवारी सकाळी तो तिच्या टेबलाच्या कोपऱ्यावर टेकला आणि म्हणाला, "मिर्ताबाई, 'वेरेदा'ला चाळीस वर्षं होताहेत. तुमच्याइतकं जुनं इथं दुसरं कोण आहे?"

"जिना आहे."

"जिन्याला लिहिता येत नाही," तो हसला. "आठ पानं द्या मला. आपला इतिहास. हलकंफुलकं हां. जुन्या टोप्या, जुन्या गाड्या, पोसितोसचा किनारा, बंद पडलेली कॅफे. वाचणाऱ्याला वाटलं पाहिजे, काय सुंदर होतं आपलं मोंतेविदेओ!"

"आणि मधली वर्षं?"

"ती सगळ्यांना पाठ आहेत. आपण कशाला?" टेबलावरून उठता उठता तो म्हणाला, "तुम्ही तर त्या वर्षांत पण रुमालांच्या घड्याच शिकवत होता की."

हे तो सहज म्हणाला, की मुद्दाम, हे तिला दुपारपर्यंत ठरवता आलं नाही. १९७५ साली हे पोरगं सात वर्षांचं. रुमालांच्या घड्यांचा लेख त्याला कुठून माहीत? कोणी दाखवला? का दाखवला? मग तिच्या लक्षात आलं की त्यानं अभिलेखांची खोली लावायला सांगितली होती, आठवडाभर तो स्वतः खंड चाळत होता, तर पाहिला असेल. एवढं साधं. पण साध्या कारणावर तिचं मन फार वेळ बसत नसे. बसलं तरी पाय वर घेऊन बसे, केव्हाही उठायच्या तयारीत. हे असं कधीपासून झालं हे तिला नीट सांगता आलं असतं, तारखेनिशी.

'वेरेदा' म्हणजे फुटपाथ. १९६१ साली एर्सिलिया काराम्बुला नावाच्या विधवा बाईनं जुन्या शहरात, हातमोज्यांच्या दुकानावरच्या दोन खोल्यांत, हे पाक्षिक काढलं. "शहर गच्चीवरून बघणारे पुष्कळ आहेत, मला फुटपाथवरून बघायचंय," असं बाई म्हणायच्या, आणि खरोखरच पायी हिंडून अंक भरायच्या. छत्री कुठं दुरुस्त होते, ताजा मासा कुठल्या वारी येतो, कुठल्या कॅफेतलं बिलियर्डचं टेबल एका बाजूला कलतंय. मिर्ता आली ती १९६७त, बावीस वर्षांची, टंकलेखिका म्हणून. वर्षाच्या आत बाईंनी तिच्याकडं 'कोण कुठं दिसलं' हे सदर दिलं. सदर म्हणजे गप्पाच. सहा नोंदी, चार-चार ओळींच्या. नटी कुणाबरोबर आइस्क्रीम खात होती, फुटबॉलपटूनं बायकोसाठी कुठली पर्स घेतली, वकिलीणबाईंच्या कुत्र्यानं मासळीबाजारात काय पराक्रम केला. लोक अंक मागच्या बाजूनं उघडायचे, आधी अडतिसावं पान वाचायचे. तिला त्याचा गर्व होता. ट्रॉलीबसमध्ये शेजारची बाई अडतिसावं पान वाचून हसली, की ती खिडकीबाहेर बघत आपली मान ताठ करायची.

मग १९७३ आलं, फौजेनं सरकार हातात घेतलं. कार्यालयात एका सभ्य आवाजाच्या गृहस्थाचा दर सोमवारी फोन येऊ लागला. कुठले शब्द नकोत, कुठली नावं नकोत. बाई पेन्सिलीनं लिहून घ्यायच्या, "हो हो, बरं बरं," म्हणायच्या आणि फोन ठेवल्यावर हात धुऊन यायच्या. 'वेरेदा'ला तशी झळ बसली नाही. उलट खप वाढला, आणि हे वाक्य आठ पानांत कुठं लिहायचं हे मिर्ताला कळत नव्हतं. इतर पत्रं बंद पडली, शेजारच्या इमारतीतून माणसं नाहीशी झाली, छापखान्यातले दोघे-तिघे कामगार संघटनेचे म्हणून भूमिगत झाले, आणि लोक 'वेरेदा' घेऊन जात राहिले. 'रुमालाच्या सात घड्या' हा तिचा लेख इतका गाजला की बाईंना तो वेगळा छापावा लागला. रुमालांची घडी घालत लोक काय विसरायला बघत होते हे तिला तेव्हा कळत होतं की आता कळलंय असं वाटतंय, याचाही तिला भरवसा नव्हता.

त्या ऑगस्टमध्ये सोमवारी तिनं सहा नोंदी लिहून पान बंद केलं होतं. पान छापखान्यात न्यायचं काम मिल्तोन बारेइरोचं. मिल्तोन छायाचित्रकार, तिच्यापेक्षा वर्षानं मोठा, उंच, खांदे थोडे पुढं आलेले, बोलताना समोरच्याच्या कपाळाकडं बघायची सवय. दोन वर्षं त्यांचं जमलं होतं. डिसेंबरात लग्न करायचं ठरलं होतं, मिर्ताच्या आईनं टेबलक्लॉथ भरायला घेतला होता. शुक्रवारी अंक आला. तिनं अडतिसावं पान उघडलं. नोंदी सात होत्या. सातवी तिनं लिहिलेली नव्हती:

'कॉर्दोन भागातल्या एल तेरो बारमध्ये दर गुरुवारी संध्याकाळी कोपऱ्यातल्या टेबलाशी एक तरुण दिसतो. वजडीच्या गरम सूपमध्ये अर्धं संत्रं पिळतो आणि दोन वाडगे संपवतो. भूक उत्तम, प्रकृती उत्तम. मालक म्हणतात, असं गिऱ्हाईक दुसरं नाही.'

तिला क्षणात कळलं. मोंतेविदेओत सूपमध्ये संत्रं पिळणारा माणूस एकच होता, दार्दो पिरीस. साल्तो गावचा, त्यांच्याच छापखान्यातला, खिळे जुळवणारा जुळारी. जेवणाच्या सुट्टीत त्याच्या वाडग्यावरून सगळे त्याची टिंगल करायचे. वर्षभरापूर्वी तो भूमिगत झाला होता, आणि त्याचं नाव कोणी काढत नव्हतं. पुढच्या आठवड्याच्या अखेरीला ती मुद्रितं तपासायला छापखान्यात गेली तेव्हा यंत्राच्या आवाजाआड एक म्हातारा जुळारी ओठ न हलवता दुसऱ्याला म्हणाला, "संत्रेवाला गेला. गुरुवारी उचलला." तिच्या हातातली पेन्सिल खाली पडली. ती उचलायला वाकली आणि वाकलेलीच राहिली थोडा वेळ. टेबलाखाली शाईचे डाग होते, कुणाचे तरी बूट होते, आणि तिच्या डोक्यात एकामागून एक गोष्टी आपोआप जुळत होत्या, खिळे जुळावेत तशा.

पान मिल्तोननं नेलं होतं. जुलैपासून त्याच्याकडं नवा जर्मन कॅमेरा होता. त्याच महिन्यात त्याला सरकारी समारंभांचा पास मिळाला होता, कर्नलांच्या बायकांचं फुलांचं प्रदर्शन टिपायला तो जायचा. फोनवर तो हल्ली आवाज बारीक करायचा. आणि पंधरा दिवसांपूर्वी त्यानं सहज विचारलं होतं, "तुझ्यानंतर पान कोण वाचतं गं? बाई वाचतात का परत?" एकेक गोष्ट घ्यावी तर काहीच नव्हतं तिच्यात. सगळ्या मिळून मात्र माणूस उभा राहत होता, आणि त्या माणसाला मिल्तोनचा चेहरा होता. तिनं त्याला विचारलं नाही. विचारायचं कसं? तो तसा असेल, तर विचारणं म्हणजे आपलंच नाव यादीत घालून घेणं. आणि तसा नसेल तर... इथं ती नेहमी थांबायची. सप्टेंबरात तिनं सांगितलं, "मला लग्न करायचं नाही." तो कॅफेत समोर बसला होता, साखरेची पुडी बोटांत फिरवत. "का?" त्यानं विचारलं. "असंच," ती म्हणाली. त्यानं पहिल्यांदाच तिच्या कपाळाकडं न बघता डोळ्यांत पाहिलं आणि हळूच मान हलवली, जणू कारण त्याला माहीत होतं. त्या मान हलवण्यानं तिची खात्री पटली. १९७७त तो 'वेरेदा' सोडून गेला आणि उनिऑन भागात, ओचो दे ओक्तुब्रे रस्त्यावर पासपोर्ट-फोटोंचं दुकान थाटलं. तिची बस रोज त्या दुकानावरून जायची. ती बसच्या दुसऱ्या बाजूला बसायची.

आता कापलेल्या पट्टीवर बोट फिरवताना तिला पहिल्यांदा वाटलं ते हेच, की मिल्तोन आला असणार. सरकार बदललं, कैदी सुटले, तेव्हा कधीतरी येऊन त्यानं पुरावा नाहीसा केला असणार. पण इतकं स्वच्छ कापणं मिल्तोनचं नव्हतं. त्याला साधा कागद सरळ कापता येत नसे, फोटोंच्या कडासुद्धा तीच कापून द्यायची. असं कापणं एकाच व्यक्तीचं. एर्सिलियाबाईंचं. आणि मग तिला आठवलं, अगदी लख्ख, की १९८५च्या शरदात एका दुपारी बाईंनी केबिनमधून डोकं बाहेर काढून म्हटलं होतं, "मिर्ता, ब्लेड आहे का गं?" आणि तिनं दिलं होतं. बाईंच्या केबिनमध्ये त्या वेळी दोन बायका बसल्या होत्या.

बाई १९९१तच गेल्या होत्या. पण बाई कागद टाकत नसत. मिर्तानं वाचकांच्या पत्रांची पेटी काढली, १९८५ लिहिलेली, आणि जेवायला न जाता एकेक पत्र उलगडत गेली. कुणाला कव्हर आवडलं नव्हतं, कुणाला केकची कृती चुकली होती. शेवटाकडं एक फिकट निळा लिफाफा होता, साल्तोचा शिक्का असलेला. आत दोनच ओळी. 'बाई, पान पोचलं. आईनं चौकटीत लावलं. दार्दो तुम्हाला आणि फोटोवाल्याला नमस्कार सांगतो. तुमची, नील्दा पिरीस.'

ते तिनं तीनदा वाचलं. चौकटीत लावलं? ज्या पानानं मुलगा दहा वर्षं तुरुंगात गेला ते आई भिंतीला लावते? आणि फोटोवाल्याला नमस्कार? तिच्या मनानं लगेच हातपाय हलवले. टोमणा असेल. कुणीतरी लिहायला लावलं असेल. बाईही त्यात असतील. पण लिफाफ्यावरचं अक्षर शाळेतल्या मुलीसारखं गोल होतं, टोमणा मारणारं नव्हतं, आणि तिला एकदम आपल्या मनाचा कंटाळा आला, घरात फार दिवस राहिलेल्या पाहुण्याचा यावा तसा.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं फाकुंदोला फोन करून बरं नाही म्हणून सांगितलं आणि साल्तोची बस पकडली. सहा तास. बाहेर सपाट माळ, गायी, मधूनच निलगिरीची रांग. ती वाक्यं जुळवत होती. मी इतिहास लिहितेय. मी वाचकांना भेटतेय. शेवटी लिफाफ्यावरच्या पत्त्यावर पोचली तेव्हा तिथं केशकर्तनालय निघालं. दोन खुर्च्या, केस वाळवायचं, हवा सोडणारं एक जुनं यंत्र, भिंतीला आरसा, आणि आरशाशेजारी चौकटीत अडतिसावं पान. कागद पिवळा पडला होता. सातव्या नोंदीखाली कोणीतरी निळ्या पेन्सिलीनं रेघ ओढली होती.

नील्दा पिरीस सत्तरीला आलेली, जाडजूड, हातांना केसांचा रंग लागलेला. "बसा," ती म्हणाली, "कापायचेत की रंगवायचेत?"

"मी 'वेरेदा'तून आलेय."

"अगं बाई!" तिनं हात पुसले, दाराची पाटी उलटी केली, आणि खुर्ची ओढून समोर बसली. "त्या पानासाठी आलात ना? आई असती तर तुम्हाला जेवल्याशिवाय सोडलं नसतं. हे दुकान तिचं. 'वेरेदा' टपालानं यायचा, गिऱ्हाइकांसाठी. तेव्हा दार्दोची वर्षभर खबर नव्हती. पत्र टाकावं तर ते फोडायचे. आई रोज म्हणायची, मेला असेल तर मेला म्हणून तरी सांगा. आणि त्या दिवशी पाद्री बुवांच्या बहिणीच्या डोक्याला रंग लावून आईनं अंक उघडला आणि मोठ्यानं वाचायला लागली. संत्र्यापाशी आली आणि थांबली. मला अंक दिला आणि मागच्या अंगणात जाऊन बसली. इकडं रंग वाळतोय, ती बाई ओरडतेय, 'माझे केस गळतील!', आणि आई अंगणात हसतेय. हसतेय हो! मी तिला इतकं हसताना परत पाहिलं नाही."

"ते कुणी छापलं ते..."

"फोटोवाल्यानं. दार्दोनं नंतर सांगितलं सगळं. तो फोटोवाला गरम सूप कुठं मिळतं त्याची यादी करायला बारमध्ये गेला होता, आणि समोर हा. दार्दो म्हणाला, 'माझी आई तुमचं पाक्षिक वाचते, तिला एवढं कळव की मी जेवतोय.' बस. एवढंच मागितलं त्यानं."

 मिर्तानं विचारलं, आणि विचारताना तिला आपला आवाज परका वाटला, "पण मग त्यामुळंच पकडलं ना त्यांना? पुढच्याच गुरुवारी? बारमध्ये?"

"बारमध्ये कशाला? ला तेहा भागातल्या खोलीतून नेला, सकाळी, दाढी करत होता. ज्यानं खोली दिली होती तो बिचारा मंगळवारी सापडला. दोन दिवस सोसलं त्यानं, मग बोलला. दार्दोला पहिल्याच दिवशी समजलं, त्यांनी त्या माणसाला समोर आणून उभं केलं होतं. दार्दो त्याच्यावर पण रागावला नाही. तुमच्या पानाचं तर त्यांना नावही ठाऊक नव्हतं. कर्नलसाहेब कुठं अडतिसावं पान वाचतात?" ती हसली, आणि हसता हसता तिनं मिर्ताकडं जरा निरखून पाहिलं. "दार्दो सुटला तेव्हा आई आणि मी मोंतेविदेओला आलो होतो. त्या फोटोवाल्याला भेटायला. एक टोपली संत्री घेऊन. पुढं एक बाई बसली होती, केस असे घट्ट मागं बांधलेले. म्हणाली, 'ते इथं नाहीत, आणि पत्ता मला माहीत नाही.' मग मोठ्या बाई भेटल्या. त्यांनाही ठाऊक नव्हता. म्हणाल्या, 'आमच्या मिर्ताला नसेल माहीत तर कुणालाच नसेल.' आईचं कात्रण वाचून वाचून फाटलं होतं, म्हणून त्यांनी हे पूर्ण पान कापून दिलं."

"पुढच्या बाईंचा राग आला असेल."

"मला आला. आई म्हणाली, राहू दे, बिचारीला अजून भीती वाटतेय."

यंत्रातून बारीक फुसफुस ऐकू येत होती. 'ती मी' हे दोन शब्द मिर्ताच्या जिभेवर होते आणि तिथंच राहिले. तिच्या केसांत आता पांढरं जास्त होतं, आणि ते कापून आखूड केलेले होते. ओळखलं असेल का हिनं? मघाशी निरखून पाहिलं ते का? सगळं ठाऊक असूनच सांगत असेल का? नील्दानं वहीतला कागद फाडून त्यावर दार्दोचा पत्ता लिहून दिला. तो आता स्वीडनमध्ये असतो, लेकीजवळ. दारापर्यंत पोचवायला आली तेव्हा तिनं मिर्ताचा हात दोन्ही हातांत घेतला. "तो फोटोवाला सापडला तर सांगा हो. दार्दो दर खेपेला विचारतो." तिच्या हाताला रंगाचा, अमोनियाचा वास होता. परतीच्या बसमध्ये तो वास मिर्ताच्या तळहाताला राहिला, आणि ती आठवत राहिली, १९८५ची ती दुपार, टोपली, काळ्या कोटातली म्हातारी, आणि आपण. त्या वेळी आपण काय विचार केला होता तेही आठवलं. दार्दोच्या घरच्या ह्या दोघी हिशेब चुकता करायला आल्यात असं वाटलं होतं. पत्ता दिला तर मिल्तोनचं काहीतरी बरंवाईट होईल. म्हणजे त्याला वाचवायला आपण खोटं बोललो होतो. आजवर तिनं हे स्वतःला असंच सांगितलं होतं, की आपण तेवढं तरी त्याच्यासाठी केलं. बस माळावरून चालली होती आणि ती गोष्ट तिच्या हातून सुटत होती.

शुक्रवारी दुपारी ती उनिऑनला उतरली. पहिल्यांदा बसच्या त्या बाजूनं. दुकानाच्या काचेत चर्चमधल्या पहिल्या कम्युनियनच्या पोरींचे फोटो होते, नवरा-नवरी होते, एक फुटबॉलसंघ होता. मिल्तोन काउंटरमागं चष्मा कपाळावर ठेवून काहीतरी कापत होता, वाकडंच. केस विरळ झाले होते. खांदे आणखी पुढं आले होते. त्यानं वर पाहिलं, ओळखलं, आणि कात्री खाली ठेवली.

"पासपोर्ट काढायचाय?"

"नाही. मिल्तोन, मी साल्तोला जाऊन आले."

त्याचा चेहरा बदलला नाही, फक्त हात काउंटरवर सपाट टेकले. ती उभ्यानंच सांगत गेली. केशकर्तनालय, म्हातारीचं हसणं, चौकट. तो ऐकत होता, तिच्या कपाळाकडं बघत. मंगळवारी सापडलेल्या माणसापाशी ती आली तेव्हा तो म्हणाला, "थांब. परत सांग."

"खोलीतून नेलं त्यांना. तू लिहिलेल्या ओळीचा काही संबंध नव्हता. दार्दोला पहिल्या दिवसापासून माहीत आहे."

तो स्टुलावर बसला. फोटोसाठी लोकांना बसवायचं ते गोल, फिरणारं स्टूल. ते थोडं फिरलं आणि तो भिंतीकडं तोंड करून तसाच राहिला. तिकडं बघतच म्हणाला, "बारचं नाव कशाला घातलं मी? दररोज हेच. दात घासताना, बसमध्ये. वार कशाला घातला? मला वाटलं, ओळ खरी वाटली पाहिजे, नाहीतर त्याच्या आईला पटायची नाही. तो सुटला तेव्हा पेपरात फोटो आला होता, लोकांनी खांद्यावर घेतलेला. मी तो फोटो मोठ्या भिंगाखाली पाहिला. दात नव्हते पुढचे. मी म्हटलं, हे माझं काम. मी कुठल्या तोंडानं जाणार होतो त्याच्यासमोर?"

"मला सांगितलं असतंस..."

"तुला?" त्यानं स्टूल वळवलं. "तुला कळलंच होतं की. तुझं सदर, तुझं पान. त्या दिवशी कॅफेत तू 'असंच' म्हणालीस तेव्हा मी म्हटलं, हिला समजलंय मी काय मूर्खपणा केलाय, आणि हिला माझं तोंड बघवत नाही. त्यात चूक काय? मी तुझ्या जागी असतो तरी मला सोडलं असतं."

इथंच थांबता आलं असतं. तिला ते स्पष्ट दिसलं. तो इतकी वर्षं एक गोष्ट धरून जगला होता, आणि ती तशीच त्याच्याजवळ ठेवून तिला निघता आलं असतं. एक रागावलेली, कडक, पण सरळ बाई म्हणून. त्या बाईवर तो कधी रागावला नव्हता. त्यानं तिला मान दिला होता. मिर्तानं काउंटरची कड धरली.

"मला तसं नव्हतं वाटलं. मला वाटलं तू त्यांचा माणूस आहेस. तूच दाखवून दिलंस त्याला. कॅमेरा होता, पास होता..."

तो तिच्याकडं बघत राहिला. डोळ्यांत.

"कॅमेरा मामानं दिला होता," तो सावकाश म्हणाला, लहान मुलाला समजावावं तसा. "आणि पास बाईंनी मिळवला. दोघांपैकी कुणालाही विचारलं असतंस..."

"आणि पंच्याऐंशीत दार्दोची आई आणि बहीण आल्या होत्या, तुला भेटायला. मी सांगितलं, पत्ता माहीत नाही."

"तुझी बस रोज इथून जायची."

"हो."

"मी बघायचो. तू पलीकडं बसायचीस."

दार उघडून एक बाई चार-पाच वर्षांच्या मुलाला घेऊन आत आली. पासपोर्टचे फोटो हवे होते, आजच. मिल्तोन उठला. मुलाला स्टुलावर बसवलं, त्याची कॉलर नीट केली, हनुवटीला दोन बोटं लावून तोंड वर केलं. "हसायचं नाही हं, सायबा. पासपोर्टात हसणाऱ्याला विमानात घेत नाहीत." मुलगा हसलाच. पुन्हा, पुन्हा. मिल्तोन घाई करत नव्हता. मिर्ता भिंतीशी बाकावर बसून राहिली. त्याचे हात थरथरताहेत का हे ती पाहत होती, नव्हते थरथरत, आणि त्यातूनही तिचं मन काहीतरी अर्थ काढायला लागलं तेव्हा तिनं नजर खाली वळवली. पडद्याआड तो फोटो धुवायला गेला, आला, कापले, पाकिटात घातले, "सुखरूप जा," म्हणाला. मायलेकरं गेली.

"पत्ता दे," तो म्हणाला.

तिनं नील्दानं दिलेला कागद काउंटरवर ठेवला. त्यानं चष्मा खाली ओढून वाचला, घडी केली, शर्टाच्या खिशात घातली.

"फाकुंदोनं 'वेरेदा'चा इतिहास मागितलाय माझ्याकडं," ती म्हणाली. "मी हे लिहिणार आहे."

"सगळं?"

"सगळं."

"तुझंही?"

"माझंही. नील्दाला त्यातूनच कळेल, त्या दिवशी पुढं कोण बसलं होतं ते. तोंडानं मला सांगता आलं नाही. फाकुंदोनं छापलं नाही तर मी राजीनामा देईन, पण आधी लिहीन."

मिल्तोननं कात्री उचलली, खालचे कपटे गोळा केले. "मग छापून आल्यावर बघू," तो म्हणाला, आणि आतल्या खोलीकडं वळला.

ती बाहेर पडली. थांब्यावर माणसं उभी होती. छापून आल्यावर बघू. म्हणजे ये म्हणाला, की जा म्हणाला? 'बघू' म्हणताना तोंड फिरवलं होतं. पण आवाज कोरडा नव्हता. की होता? छापून यायची अट घातली ती विश्वास नाही म्हणून, की वेळ हवा म्हणून? तिला कळलं की आपण ते वाक्य हातात घेऊन उलटंपालटं करतोय, कडा नखानं उचकटून पाहतोय. बस आली. माणसं चढली. चालकानं तिच्याकडं पाहिलं, तिनं नकारार्थी मान हलवली, बस गेली. ती परत दुकानापाशी आली आणि दार उघडून आत डोकावली. तो पडद्याशी तसाच उभा होता, पाठमोरा.

"मिल्तोन, बघू म्हणजे काय? मी यायचं की नाही?"

तो वळला. त्याच्या तोंडावर इतकी दमणूक होती की तिला त्याचं वय एकदम कळलं.

"माहीत नाही, मिर्ता," तो म्हणाला. "खरंच माहीत नाही मला."

ती उंबऱ्यात क्षणभर उभी राहिली. त्या वाक्यात शोधायला काही नव्हतं. "बरं," ती म्हणाली, आणि दार हलकेच ओढून घेतलं.